‘सेन्सर गेलाय’ म्हणजे नेमकं काय गेलंय?

गाडीचं दुखणं : वाचकांचे प्रश्न, काकांची उत्तरं

प्रश्न : नमस्कार काका. आमची छोटी पेट्रोल गाडी २०१३ सालची, रेसला केबल असलेली. ८२ हजार किलोमीटर झालेत. मी कारेलीबागेतून रोज वाघोडिया रोडवरच्या शाळेत शिकवायला जाते. दिवाळीपासून एक खोड लागली आहे. तिसऱ्या गिअरमध्ये चाळीसच्या आसपास एकसारखी चालवत असले की गाडी बारीक बारीक झटके देते. पाय जरा जास्त दाबला की सुरळीत पळते. पाऊस झाला की त्रास वाढतो. सिग्नलला पाय काढल्यावर दोनदा बंदही पडली. इंजिनाचा पिवळा दिवा लागतो आणि दोन दिवसांनी आपोआप जातो. गॅरेजवाल्यांनी आधी प्लग बदलले, मग फ्युएल फिल्टर, मग थ्रॉटल बॉडी साफ केली. आता स्कॅनर लावला तर पी०१२२ हा कोड आला. ते म्हणतात, थ्रॉटल पोझिशन सेन्सर गेलाय, साडेतीन हजार लागतील आणि इलेक्ट्रिकचा माल एकदा बसवला की परत घेत नाहीत. ऑगस्ट २०२४ च्या पुरात आमच्या सोसायटीत चाकं बुडेपर्यंत पाणी होतं, हेही सांगून ठेवते. बदलू का? — एक शिक्षिका, बडोदे

उत्तर : ताई, पुराचं वाक्य तुम्ही सगळ्यांत शेवटी लिहिलंत. मी असतो तर त्यानंच सुरुवात केली असती. आणि हो, साडेतीन हजार आज खर्चू नका. उद्या कदाचित खर्चावे लागतील, पण आज नको.

पी०१२२ चा अर्थ ‘सेन्सर बदला’ असा नाही. थ्रॉटल सेन्सरच्या तारेवरून कॉम्प्युटरकडे येणारा व्होल्टेज असायला हवा त्यापेक्षा कमी आला, एवढंच तो कोड सांगतो. कमी का आला हे त्याला ठाऊक नाही. सेन्सर झिजला असेल, त्याला मिळणारा करंटच अपुरा असेल, तार कुठे घासून बॉडीला टेकत असेल. घरात नळाला पाणी आलं नाही म्हणून आपण लगेच नळ बदलतो का? आधी टाकी बघतो.

हा सेन्सर म्हणजे करतो काय, ते तुम्ही शिकवता म्हणून जरा सविस्तर सांगतो. जुन्या रेडिओचं आवाजाचं बटण आठवा. आत कार्बनचा अर्धगोल पट्टा असतो आणि त्यावरून एक बारीक पत्री सरकते. थ्रॉटल सेन्सरच्या आत तुमच्या गाडीत तेच आहे. बटण तुमच्या बोटांऐवजी थ्रॉटलची, म्हणजे इंजिनात हवा सोडणारी झडप फिरवते, इतकाच फरक. कॉम्प्युटर एका तारेनं ५ व्होल्ट देतो, दुसरी तार अर्थिंगची आणि तिसरीवरून पत्री जिथे असेल तिथला व्होल्टेज परत जातो. पाय पूर्ण सोडलेला असताना बहुतेक गाड्यांत हा ०.४ ते ०.९ च्या दरम्यान असतो, पूर्ण दाबल्यावर ४ ते ४.५. त्यावरून कॉम्प्युटरला कळतं की तुम्हाला किती घाई आहे आणि तो त्या बेतानं पेट्रोल सोडतो.

आता रेडिओ वीस वर्षं एकाच आवाजावर ऐकला की काय व्हायचं? नेमकं त्या जागेवर बटण आलं की खर्रकन आवाज यायचा, थोडं पुढे फिरवलं की परत साफ. पट्टा तिथेच झिजायचा. तुमचा पाय रोज वाघोडिया रोडवर चाळीसच्या वेगाला जिथे ठरतो, पत्री तिथेच उभी राहते, तिथेच थरथरते आणि तिथेच पट्टा खाते. एकसारख्या हलक्या पायावर झटके आणि दाबल्यावर सुरळीत, हे वर्णन झिजलेल्या पट्ट्याशी चांगलं जुळतं. तुमचे गॅरेजवाले अगदीच अंधारात बोलत नाहीयेत. इग्निशन कॉईल किंवा प्लगचं मिसिंग याच्या उलट वागतं : पूल चढताना, भरल्या गाडीत जोर मागितला की तेव्हा झटके. म्हणजे प्लग बदलण्याआधी तुम्हाला ‘झटके कधी येतात’ एवढं जरी कुणी विचारलं असतं, तरी ते पैसे वाचले असते.

पण पाऊस झाला की त्रास वाढतो त्याचं काय? बंद डबीतल्या कार्बनच्या पट्ट्याला पावसाशी फारसं देणंघेणं नसतं. तारांना आणि कनेक्टरला असतं.

इथे मला माझीच फजिती सांगावी लागेल. ३१ जुलै २०१९ ला बडोद्यात जो पाऊस कोसळला तो तुम्हालाही आठवत असेल. माझी गाडी दांडिया बाजारातल्या गल्लीत उभी होती. पाणी ओसरलं, गाडी चालू झाली, मी खूश. दीड महिन्यानं हेच सुरू झालं : झटके, दिवा, सिग्नलला बंद. आयटीआयमध्ये मोटर मेकॅनिकचा ट्रेड शिकवण्यात जन्म गेला, तेव्हा मी कोड वाचला आणि रुबाबात नवा सेन्सर आणून बसवला. गाडी सुधारली! आठ दिवस. नवव्या दिवशी भुरभुर पाऊस आला आणि पहिले पाढे पंचावन्न. मग गप बसून कनेक्टर उघडला. पाच व्होल्टच्या पिनेवर हिरवा कळंक चढला होता. कल्हई उडालेल्या पितळी पातेल्यात ताक ठेवलं की कळकतं ना, तसला. सेन्सर बदलताना कनेक्टर काढला-घातला, त्यात पीन थोडी घासली गेली आणि आठ दिवस ती गाडी ‘बरी’ झाली होती. जुना सेन्सर निर्दोष होता. तो अजून माझ्याकडे आहे. मंडळींनी तो टाकून द्यायला सांगितला, मी टाकला नाही.

त्या कळंकानं कोड का येतो, हे नीट समजून घ्या. पाच व्होल्टच्या वाटेत अडथळा आला की सेन्सरला समजा चारच मिळतात. मग तो जे परत पाठवतो तेही त्याच प्रमाणात घटतं. पाय दाबलेला असताना ४ चे ३.२ झाले तर कॉम्प्युटरला वाटतं पाय थोडा कमी दाबलाय, तेवढ्यानं गाडी थांबत नाही. पण पाय सोडलेला असताना मुळात अर्धाच व्होल्ट असतो. कळंक ओला होऊन संपर्क आणखी तुटला की तो साधारण ०.२ च्या खाली जातो, आणि तिथे कॉम्प्युटर म्हणतो, हे शक्यच नाही. दिवा लागतो, स्लो-स्पीड बिघडतो, सिग्नलला गाडी मरते. म्हणजे तुमची निम्मी लक्षणं पट्ट्याकडे बोट दाखवतात आणि निम्मी कनेक्टरकडे. पत्र वाचून निकाल देणारा मी कोण? मोजायला हवं.

मोजणीला अर्धा तास लागतो. किल्ली ऑन, इंजिन बंद. आणि कनेक्टर जोडलेलाच ठेवायचा, ही गोष्ट मी दहा वेळा सांगेन. कनेक्टर काढून तारेच्या बाजूला मोजलं तर कळकलेली पीनसुद्धा पूर्ण पाच व्होल्ट दाखवते, कारण करंट वाहतच नाही. जोडलं की खरं रूप दिसतं. मीटरचं टोक लावायला कनेक्टरच्या मागच्या बाजूनं, रबरी सीलच्या कडेनं बारीक टाचणी सरकवायची. तारेची साल टोचून भोक पाडू देऊ नका. आपल्याकडच्या पावसात त्या भोकातून पाणी आत शिरतं आणि पुढच्या वर्षी नवं दुखणं उभं राहतं.

मीटरची काळी तार बॅटरीच्या मायनसवर. सेन्सरच्या अर्थिंगच्या पिनेवर ०.१ व्होल्टपेक्षा जास्त दिसता कामा नये. पाच व्होल्टच्या पिनेवर ४.९ ते ५.१. इथेच कमी आलं तर सेन्सर सुटला, आरोपी वायरिंगमध्ये आहे. एक पोटशंका : पुष्कळ गाड्यांत हेच पाच व्होल्ट मॅप सेन्सरलाही (इंजिनात जाणाऱ्या हवेचा दाब मोजणारा) जातात. मॅप सेन्सर आतून शॉर्ट झाला तर तो दोघांचंही जेवण खातो. म्हणून पाच कमी दिसले तर मॅपचा कनेक्टर काढून बघायला सांगा. आकडा उसळून वर आला की चोर सापडला.

पाच ठीक, अर्थिंग ठीक, मगच तिसरी पीन. कुणीतरी गाडीत बसून रेस अगदी सावकाश दाबायची. दहा सेकंदांत पूर्ण, दहा सेकंदांत परत. हे काम तुम्हीच करा, गॅरेजच्या पोराला सोसत नाही, तो एका दणक्यात दाबतो. व्होल्टेज पायाबरोबर चढत गेला पाहिजे, मधे कुठेही बुडता कामा नये. इथे माझा काट्याचा मीटर बाहेर येतो. डिजिटल मीटर सेकंदात दोन-तीनदाच आकडा बदलतो, मधली बुडी त्याला दिसतच नाही. स्कॅनरच्या पडद्याचंही तेच. काटा मात्र झिजलेल्या जागेवर ठेच लागल्यासारखा खाली झुकतो आणि परत उठतो. एकदा बघितलंत की विसरणार नाही. माझ्या वर्गात पोरं हसायची, म्हणायची, सर, हा मीटर म्युझियममध्ये द्या. दरवर्षी एकदा तरी त्याच पोरांच्या डिजिटल मीटरनं पास केलेला सेन्सर काट्यानं नापास केलाय. गॅरेजमध्ये ऑसिलोस्कोप (व्होल्टेजचा आलेख पडद्यावर काढणारं यंत्र) असेल तर उत्तमच, मग काटा नको.

थंड गाडीवर काही दिसलं नाही तर रेडिएटरचा पंखा दोनदा फिरेपर्यंत इंजिन तापवा आणि परत करा. मग मीटर लावलेलाच ठेवून पेचकसाच्या मुठीनं सेन्सरवर टकटक, आणि वायरिंगचा झुबका थोडा थोडा हलवायचा, कनेक्टरपासून सुरू करून फायरवॉलपर्यंत, म्हणजे इंजिन आणि केबिनमधल्या पत्र्यापर्यंत. टकटकीला काटा नाचला तर सेन्सर, तार हलवताना नाचला तर तार. पावसाची नक्कल करायची तर कनेक्टरवर इस्त्रीच्या फवाऱ्यानं थोडं पाणी मारा. पाण्याचा पाईप लावू नका!

सेन्सरच दोषी ठरला तर खुशाल बदला, साडेतीन हजार सार्थकी लागतील. दोनच गोष्टी बघा. तुमच्यासारख्या गाडीत सेन्सरच्या स्क्रूची भोकं कधीकधी लांबट असतात, म्हणजे बसवताना तो थोडा फिरवून जुळवायचा असतो. पाय सोडलेल्या स्थितीत कंपनीच्या माहितीपुस्तकातला व्होल्टेज येईपर्यंत फिरवून मगच स्क्रू आवळायचे. आणि पाय सोडल्यावर झडप कुठे थांबायची ते ठरवणारा जो सील केलेला छोटा स्क्रू असतो, त्याला स्लो-स्पीड वाढवायच्या मोहानं कुणीही हात लावायचा नाही. तो फिरला की पुढे कुठलंच माप जुळत नाही. तुमची थ्रॉटल बॉडी नुकतीच साफ झाली आहे, तेव्हा तो हलवला नाही ना, हेही विचारा. कार्बुरेटर क्लीनरचा फवारा सेन्सरच्या अंगावर उडाला होता का, हेसुद्धा. ते रसायन सीलमधून आत झिरपलं तर पट्ट्याचं भलं होत नाही.

कनेक्टर दोषी ठरला तर कॉन्टॅक्ट क्लीनर, बारीक ब्रश, सैल पिना किंचित दाबून घट्ट, वर ओल अडवायला थोडं डायलेक्ट्रिक ग्रीस. पिना खाऊन गेल्या असतील तर तारेच्या शेपटीसकट नवा कनेक्टर मिळतो. जोड सोल्डर करून नळी चढवायची, नुसती पीळ देऊन टेप गुंडाळायची नाही. गॅरेजवाल्यांशी भांडू नका. ‘मीटर लावा, मी रेस दाबते, मला काटा दाखवा’, एवढंच म्हणा. जो दाखवतो त्याच्याकडेच काम ठेवा. काय निघालं ते मला कळवा, माझा कल कनेक्टरकडे सत्तर टक्के आहे आणि मी २०१९ मध्येही असाच ठामपणे चुकलो होतो.

प्रश्न : काका, अहमदाबाद एक्स्प्रेसवेवर नडियादच्या पुढे आमची चार वर्षांची गाडी एकदम मेल्यासारखी झाली. कितीही दाबा, चाळिसाच्या वर जाईना. बाजूला घेऊन बंद-चालू केली तर ठीक. कोड पी२१३८. वर्कशॉपवाले पूर्ण थ्रॉटल बॉडी बदला म्हणतात. केबल नाही या गाडीला. — मांजलपूरहून एक वाचक

उत्तर : थ्रॉटल बॉडी बदलण्याआधी त्यांना आकडा पुन्हा वाचायला सांगा. पी२१३८ हा सहसा पायाखालच्या पेडलचा कोड आहे. थ्रॉटल बॉडीतल्या दोन सेन्सरचं आपसात जुळलं नाही तर पी२१३५ येतो. आकडे सख्ख्या भावांसारखे दिसतात, बिलं मात्र फार वेगळी येतात.

केबल नसलेल्या गाडीत पायाचा निरोप विजेच्या तारेनं कॉम्प्युटरकडे जातो, म्हणून पेडललाही दोन सेन्सर असतात आणि थ्रॉटललाही. दोघांनी एकच साक्ष दिली तर कॉम्प्युटर विश्वास ठेवतो, साक्ष फिरली की तो गाडीला सांभाळून घरी नेण्याइतकाच जोर देतो. त्या अवस्थेत तुम्ही ट्रकच्या लेनमध्ये होतात हे त्याला काय माहीत! पेडलचा कनेक्टर ड्रायव्हरच्या पायांच्या वर असतो. तो नीट बसलाय का, ओल आली होती का, सीटखालून वायर ओढून काही ‘ॲक्सेसरी’ बसवली का, हे आधी बघा. मग वरच्यासारखीच मोजणी, फक्त दोन सिग्नल एकदम बघायचे. बंद-चालू करून ठीक झाली म्हणून पुन्हा एक्स्प्रेसवेला जाऊ नका. तोवर गावातल्या गावात चालवा.

प्रश्न : पेट्रोलमध्ये घालायच्या बाटलीनं थ्रॉटल सेन्सर साफ होतो का? — एक वाचक, रावपुरा

उत्तर : नाही. पेट्रोल त्याच्या जवळूनही जात नाही. त्या पैशांत सेव-उसळ खा.