रडू येतंय, म्हणून निर्णय चुकला?

प्रिय मैत्रिणी,

बाई म्हणून जगण्यासाठी हार्मोन्स सुरू करून सात महिने झाले, आरशात बघताना आयुष्यात पहिल्यांदा बरं वाटतं, आणि तरी रोज संध्याकाळी रडू कोसळतं, असं तू लिहिलंस. भाऊबीजेला आईने ओवाळणीचं तबक तुला न देता चुलतबहिणीच्या हातात दिलं. तू स्वयंपाकघरात जाऊन नळ सोडून रडलीस. आता विचारतेस, ‘ताई, एवढं रडू येतंय म्हणजे माझा निर्णय चुकला का?’

अगं, त्या दिवशी तू तबकासाठी रडलीस. सख्ख्या भावाला ओवाळायचं राहून गेलं, तर कुठल्या बहिणीला रडू येणार नाही? भावाला काय वाटलं, हे मात्र तू लिहिलंच नाहीस. आईला मध्ये न घेता त्याला सरळ विचार, ‘माझ्याकडून ओवाळून घेशील?’ राखीपौर्णिमेची वाट बघायचीही गरज नाही.

आईला वाटतंय, आपला मुलगा हरवला. तिचं दुःख खरं आहे, पण ते तू गुन्हा केल्यासारखं डोक्यावर घेऊ नकोस. आपण स्त्री की पुरुष हे ज्याचं त्याने ठरवायचं, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली तृतीयपंथीयांच्या हक्कांबद्दलच्या ‘नालसा’ खटल्यात मान्य केलं. तेव्हा आईकडे परवानगी मागू नकोस. माया माग, आणि तिला वेळ दे.

इस्ट्रोजेन, म्हणजे बायकांचं हार्मोन, सुरू झालं की पुष्कळ जणींना रडू लवकर येतं. छाती हुळहुळते, त्वचा मऊ होते, मन घडीत इकडे, घडीत तिकडे. वयात येणंच ते. चौदा वर्षांच्या मुलीचं रुसणं-फुगणं घर चालवून घेतं. तुला तेच तिशीत, ऑफिसात हिशेब लिहिता लिहिता निभवावं लागतंय. शिवाय ‘मुलगे रडत नाहीत’ म्हणून लहानपणापासून जे गिळलंस, तेही आता बाहेर पडतंय. पडू दे.

एका गोष्टीवर मात्र मी रागावणार आहे. लवकर फरक दिसावा म्हणून गोळ्या दुप्पट केल्यास, असं ओझरतं लिहून तू पुढे गेलीस. असं करू नकोस गं! त्याने छाती लवकर भरत नाही, रक्तात गुठळ्या होण्याचा धोका मात्र वाढतो. आवाज तर इस्ट्रोजेनने बदलतच नाही, त्याला सराव लागतो. आजच डॉक्टरांना फोन करून खरं काय ते सांग. रडण्याबद्दलही सांग, कारण टेस्टोस्टेरॉन हे पुरुषी हार्मोन दाबणाऱ्या काही गोळ्यांनी मन खचतं आणि त्या बदलता येतात.

झोप उडाली, जेवण जाईना किंवा जगणं नकोसं वाटलं, तर १४४१६ वर टेलि-मानसला, म्हणजे मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनला, फोन लाव. पैसे पडत नाहीत, मराठीत बोलता येतं. आणि डॉक्टर काय म्हणाले ते मला कळव.

तुझी,
ताई