विहिरीत पाणी असताना संत्र्याची बाग तहानलेली का ठेवायची?

तुम्ही लिहिलंय की काटोलजवळ फळावरची संत्राबाग असलेलं ३ एकर शेत घेतलंत, आणि शेजारच्या काकांनी डिसेंबरात पाणी बंद करायला सांगितलं. विहीर भरलेली असताना झाडं कोमेजू देणं तुम्हाला पटत नाही. वरुड तालुक्यात आमच्या घरी तीन पिढ्यांपासून संत्रा आहे. काकांचं ऐका.

संत्र्याचं झाड सदाहरित. पाणी आणि ऊब मिळत राहिली की ते पालवतच राहतं, फुलायचं नाव घेत नाही. वाढ थांबली, पानांनी केलेलं अन्न फांद्यांत साठलं, की मगच फुलाचे डोळे तयार होतात. थंड प्रदेशात ही विश्रांती हिवाळ्यातली थंडी देते. आपल्याकडे तेवढ्या थंडीचा भरवसा नाही, म्हणून पाणी तोडून ती द्यावी लागते. यालाच ताण म्हणतात. फुलोऱ्याच्या हंगामाला बार म्हणतात. डिसेंबर-जानेवारीत ताण देऊन जानेवारी-फेब्रुवारीत फुलतो तो आंबिया बार. उन्हाळ्यात ताण बसून जूनच्या पावसावर फुटतो तो मृग.

दिवस किती, हे जमिनीवर आहे. हलक्या जमिनीत महिन्याभरात झाड ताणावर येतं, भारी काळ्या जमिनीत दीड-दोन महिने लागतात. कॅलेंडर बघू नका, झाड बघा: पानं निस्तेज होऊन वळतात आणि साधारण चौथा हिस्सा पानं गळतात. ही गळ बघून माझा एकदा धीर सुटला होता. बाबा गावाला गेले होते. काळ्या जमिनीत पंधराव्याच दिवशी मी मोटर चालू केली. सगळ्या बागेवर लुसलुशीत नवती, म्हणजे नवी पालवी आली, फूल शोधावं लागलं. त्या वर्षी बागेने मजुरीचेही पैसे दिले नाहीत. बाबा रागावले नाहीत, याचंच मला जास्त लागलं.

ताण सोडतानाही घाई नको. वखरणी करा, बुंध्याभोवती आळी बांधा, शेणखत-खत द्या, मग आंबवणीचं, म्हणजे ताण तोडणारं पहिलं पाणी हलकं द्या. पूर्वी ताणासाठी मुळ्या उघड्या करायचे, ते मात्र करू नका. जखमी मुळांतून बुरशी शिरते आणि डिंक्या, म्हणजे खोडातून डिंक गळण्याचा रोग लागतो. पावसाळ्याआधी आणि नंतर बुंध्याला बोर्डो पेस्ट लावा: १ किलो मोरचूद (कॉपर सल्फेट), १ किलो चुना, १० लिटर पाणी.

आंबिया घ्यायचा की मृग, हे तुमची विहीर ठरवते. आंबियाचं फळ सगळा उन्हाळा झाडावर असतं, मे महिन्यात पाणी आटलं तर फळगळ ठरलेली. मृगाला उन्हाळ्यात पाणी लागत नाही, पण पाऊस लांबला की बार फसतो आणि हिवाळाभर ओलीत करावं लागतं. एकाच झाडावर दोन्ही बार घेण्याचा मोह टाळा, झाड खंगतं.

आमच्याकडे सांगतात की अठराव्या शतकात नागपूरच्या रघुजीराजे भोसल्यांनी औरंगाबादकडून संत्र्याची झाडं नागपुरात आणली, ती वाड्याच्या परसात. १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोचली आणि फळाला लांबचा बाजार उघडला. मग काटोल, नरखेड, वरुड, मोर्शी बागांनी भरलं. आजोबा मोटेवर बाग जगवायचे. आता हजार फुटांच्या आसपास बोअर जातात, तरी काही कोरडेच निघतात. मला खरी काळजी याची वाटते, बाजारभावाची नंतर. बाजारभावाचं दुखणंही आहेच: बांगलादेशाने आयात शुल्क किलोमागे २० टाका (त्यांचं चलन) होतं ते २०२३ पर्यंत ८८ टाकांवर नेलं आणि आमची चुरी, म्हणजे बारका माल, बांधावरच पडून राहिला. सुट्या सालीचं, गोड-आंबट चवीचं हे फळ २०१४ मध्ये भौगोलिक मानांकन मिळवून बसलंय, पण तीच पातळ सुटी साल लांबच्या प्रवासात टिकत नाही.

पाण्याची अशी ओढ आहे, म्हणून ठिबक करून घ्या, आणि पाच वर्षांच्या आतल्या किंवा शेंडे वाळणाऱ्या झाडांना ताण देऊच नका, त्यांना पाणी चालू ठेवा. ती झाडं आत्ताच रंगाची खूण करून वेगळी काढा. काकांना सोबत घेऊन एक फेरी मारलीत तर अर्ध्या दिवसाचं काम आहे.