स्वित्झर्लंडच्या एससी ब्र्यूल ह्या फुटबॉल क्लबच्या स्टेडियमला एका पोलिसवाल्याचं नाव का दिलंय?

कारण तो पोलिसवाला, पॉल ग्र्युनिंगर, आधी ह्याच क्लबचा प्लेयर होता आणि नंतर त्याने नोकरीवर पाणी सोडून ज्यूंना वाचवलं. सेंट गॅलन शहरातला हा १९०१ चा क्लब, आज खालच्या लीगमध्ये खेळतो, पण १९१५ मध्ये चक्क स्विस चॅम्पियन झालेला, एकदाच, आणि त्या टीममध्ये ग्र्युनिंगर होता, पुढे क्लबचा अध्यक्षही झाला. ऑगस्ट १९३८ मध्ये स्विस सरकारने ऑस्ट्रियाची बॉर्डर बंद केली तेव्हा हा सेंट गॅलनचा पोलिसप्रमुख, तर पठ्ठ्या ज्यू निर्वासितांच्या कागदांवर मागची तारीख टाकायचा, म्हणजे बंदीच्या आधीच आत आले असं दिसावं. १९३९ ला नोकरी गेली, पेन्शनही गेली, वर कोर्टाने दोषी ठरवलं. वारला १९७२ ला, निर्दोष ठरला १९९५ ला (एवढा उशीर!) आणि स्टेडियमला नाव त्याच्याही नंतर.

फक्त वाचवलेल्यांचा ३६०० हा आकडा सांगतात तो डोळे झाकून घेऊ नका, काही अभ्यासक बराच कमी धरतात. आणि १८७९ चा एफसी सेंट गॅलन तो वेगळा, वरच्या लीगवाला, लोक हमखास गल्लत करतात.