मुलाला सिया कोलिसी व्हायचंय, मग मॅथ्स सोडू द्यायचं का?

नमस्कार ताई,

तुमचा मेल दोनदा वाचला, दुसऱ्यांदा वाचताना हसूही आलं कारण तुमच्या चिरंजीवांचा तो डायलॉग, "सिया कोलिसीला कुणी मॅथ्सचे मार्क विचारले का?" हा मला पुण्यात दर आठवड्याला क्रिकेटवाल्या पोरांकडून ऐकायला मिळतो, फक्त नाव वेगळं असतं. (कोलिसी म्हणजे दक्षिण आफ्रिकेला दोनदा रग्बीचा वर्ल्डकप जिंकून देणारा कॅप्टन.)

बाकीच्यांना संदर्भ लागावा म्हणून तुमचं पत्र थोडक्यात सांगतो. ताई जोहान्सबर्गला असतात, मिस्टर आयटीत. मुलगा सात वर्षांचा असताना पुण्याहून तिकडे गेले, आता तो पंधराचा आहे, ग्रेड नाइनला, शाळेच्या रग्बी टीममध्ये सहा नंबरची जर्सी घालतो म्हणजे फ्लँकर. पुढच्या वर्षीचे विषय निवडायचा फॉर्म आलाय आणि त्याला प्युअर मॅथ्स सोडून मॅथ्स लिटरसी घ्यायचंय, म्हणजे जिम आणि प्रॅक्टिसला वेळ मिळेल. बाबा म्हणतात रग्बीच बंद, साताऱ्याची आजी व्हिडिओ कॉलवर म्हणते हाडं मोडून घ्यायचा खेळ कशाला, आणि ताई मधल्यामध्ये अडकल्यात. कोच मात्र म्हणतात पोरगा चांगला आहे.

आधी त्या डायलॉगचं बघू, कारण तो अर्धा खरा आहे. कोलिसीला खरंच मॅथ्समुळे कुणी उचललं नाही. १६ जून १९९१चा जन्म, पोर्ट एलिझाबेथच्या (आता त्याला गेबेर्हा म्हणतात) झ्विडे टाउनशिपमधला. आईवडील स्वतःच तेव्हा शाळकरी वयाचे, सांभाळलं आजीने, आणि शाळेत मिळणारं जेवण हाच बऱ्याचदा दिवसाचा आधार. पहिल्या ट्रायलला त्याच्याकडे खेळायची शॉर्ट्स नव्हती म्हणून तो बॉक्सर घालून पळाला, हे त्याने स्वतः सांगितलंय. बाराव्या वर्षी मॉसेल बेच्या एका स्पर्धेत तो नजरेत भरला आणि ग्रे नावाच्या नावाजलेल्या शाळेची स्कॉलरशिप मिळाली. तिथे गेला तेव्हा धड इंग्लिश येत नव्हतं, खोसा बोलणारं पोर, आणि वर्ग सगळा इंग्लिशमधून. पंधराचा असताना आई गेली. तुमचा मुलगा आत्ता त्याच वयाचा आहे, एवढं फक्त लक्षात घ्या.

आता मी त्याला समोर बसवलं असतं तर काय म्हणालो असतो सांगतो. बाबा रे, कोलिसीला जे दार त्या स्पर्धेने उघडून दिलं त्या दाराच्या आत तू आधीच बसलायस, चांगली शाळा, कोच, बूट, घरी दोन वेळचं जेवण, वर फिजिओचे पैसे भरायला बाप. त्याच्याकडे दुसरा रस्ता नव्हता म्हणून त्याने सगळं एका डावावर लावलं, आणि तुझ्याकडे दुसरा रस्ता आहे तो तू हाताने बुजवायला निघालायस, तेही आठवड्याच्या चार-पाच तासांसाठी. याला जिद्द नाही म्हणत मी.

आणि नंतरचंही बघा ना. स्प्रिंगबॉक म्हणून, म्हणजे आफ्रिकेच्या राष्ट्रीय टीमकडून, पहिली टेस्ट (रग्बीत देशादेशांतल्या मॅचला टेस्ट म्हणतात) जून २०१३ला स्कॉटलंडविरुद्ध, दुसरा फ्लँकर सुरुवातीलाच जायबंदी झाला म्हणून हा आत आला आणि मॅन ऑफ द मॅच घेऊन गेला. तरी २०१५च्या वर्ल्डकपला तो बहुतेक वेळ बेंचवरच, जपानने आफ्रिकेला ३४-३२ हरवलं त्या मॅचलाही नंतरच उतरला. कॅप्टन झाला २०१८ला, टेस्टमधला पहिला कृष्णवर्णीय कॅप्टन. मग दोन वर्ल्डकप फायनल, २०१९ला योकोहामात इंग्लंडला ३२-१२ आणि २०२३ला पॅरिसमध्ये न्यूझीलंडला १२-११ हरवलं. पोरं ही शेवटची दोन वाक्यं बघतात, मधली पाच वर्षं बघत नाहीत.

आता फ्लँकर करतो काय, हे बाबांनाही कळू दे, कारण मला वाटतं त्यांनी अजून एकही मॅच धड बघितलेली नाही (चुकत असेन तर सॉरी). मी स्वतः कबड्डीवाला माणूस, त्यामुळे मला हा प्लेअर बघताक्षणी आपला वाटला. बॉल घेऊन पळणाऱ्याला खाली पाडलं की नियमाने त्याला बॉल सोडावा लागतो. त्या क्षणी फ्लँकर पोहोचला पाहिजे, स्वतःच्या पायांवर उभा राहून, गुडघा टेकायचा नाही, पडलेल्याच्या अंगावर रेलायचं नाही, कंबरेत वाकून दोन्ही हात बॉलवर. आणि मग समोरून शंभर-एकशेदहा किलोचे दोघं त्याला उडवायला येतात आणि हा वाकलेलाच. एक-दोन सेकंद तग धरला की झालं, एकतर बॉल सुटतो, नाहीतर खालच्याने धरून ठेवला म्हणून पेनल्टी. मी २०२३ची फायनल पॉज करकरून बघितली, त्या पोजमध्ये मान अक्षरशः उघडी असते. दक्षिण आफ्रिकेत असं बॉल काढून आणणाऱ्याला फेचर म्हणतात. तिकडे आकड्यांचीही गंमत आहे, बाकी जगात हे काम करणारा सात नंबर घालतो आणि आफ्रिकेत सहा. १९९५चा वर्ल्डकप जिंकणारा कॅप्टन फ्रँस्वा पिनार, त्याची जर्सी सहा, फायनलला मंडेलांनी घातलेली ती हीच, कोलिसीचीही सहा. तुमच्या मुलाला सहा नंबर मिळालाय म्हणजे तो का हवेत आहे हे कळतं हो मला.

२०२३च्या फायनलची दुसरी गोष्ट जास्त महत्त्वाची. दोन्ही टीमचे कॅप्टन फ्लँकर होते आणि दोघांनाही मॅचमध्ये बाहेर जावं लागलं, दोघांचंही कारण एकच, समोरच्याच्या डोक्याला लागलेली धडक. न्यूझीलंडच्या सॅम केनला रेड, पुरुषांच्या वर्ल्डकप फायनलमधलं पहिलंच रेड कार्ड, आणि कोलिसीला यलो. जगातले सगळ्यात अनुभवी लोक तिथे अंदाज चुकतात तर पंधरा वर्षांच्या पोरांचं काय होत असेल. त्याच मॅचमध्ये आफ्रिकेचाच दुसरा फ्लँकर पीटर-स्टेफ डू टॉय, त्याने २८ टॅकल केले. या माणसाचा २०२०ला एक पाय जवळजवळ गेला होता, मुका मार लागून आत रक्त साठलं, स्नायूंवर दाब वाढला, इमर्जन्सी ऑपरेशन करावं लागलं. शाल्क बर्गर अजून एक, २००४चा जगातला सर्वोत्तम खेळाडू, २००६ला मानेचं ऑपरेशन, २०१३ला मेंदूज्वराने मरता मरता वाचला, परत आला आणि २०१५चा वर्ल्डकपही खेळला, एकूण ८६ टेस्ट. आजीला ही नावं सांगू नका. पण मुलाला सांगा, आणि परत आले तेवढंच नाही तर मधले महिने कसे गेले असतील तेही.

म्हणून रग्बी बंद करा म्हणणार का मी? नाही. तुम्ही कोचना भेटा आणि दोन प्रश्न विचारा. एक, टॅकल करताना डोकं कुठे ठेवायचं हे आठवड्यात किती वेळ शिकवता, आणि मानेचे व्यायाम कोण घेतं. तिकडे बोकस्मार्ट म्हणून सेफ्टीचा कोर्स आहे, कोचकडे त्याचं सर्टिफिकेट असायलाच हवं, बघायला मागायला लाजू नका. दुसरा प्रश्न, मुलाला डोक्याला मार लागला तर परत कधी उतरवायचं हे कोण ठरवतं, डॉक्टर की शनिवारची मॅच. उत्तर देताना कोच किती वेळ घुटमळतात तेवढं बघा.

आता करिअर म्हणून. शिडी अशी आहे: शाळेची फर्स्ट टीम, मग प्रांताकडून अठराखालच्यांचा क्रेव्हन वीक, तिथे युनियनवाले (म्हणजे प्रांतांच्या रग्बी संघटनांचे लोक) वह्या घेऊन बसलेले असतात, मग एखाद्या युनियनचं ज्युनियर कॉन्ट्रॅक्ट किंवा युनिव्हर्सिटी आणि तिथल्या टीमांचा व्हर्सिटी कप, मग प्रांतांचा करी कप, मग बुल्स, लायन्स, शार्क्स, स्टॉर्मर्स यातली एखादी टीम युआरसीत, म्हणजे युरोपातल्या क्लबांबरोबरच्या लीगमध्ये. प्रत्येक पायरीवर पोरं गळतात, आणि फ्लँकर हा त्या देशात शेताच्या बांधावर उगवतो, म्हणजे एका जागेला दहा चांगले. पैसा म्हणाल तर बरेच जण जपान नाहीतर फ्रान्सला जातात, कोलिसी स्वतः २०२३ला पॅरिसच्या रासिंगला गेला आणि पुढच्याच वर्षी शार्क्सकडे परत आला. व्हर्सिटी कपचा रस्ता युनिव्हर्सिटीतून जातो बरं का, म्हणजे मॅट्रिकचे (तिकडची बारावी) मार्क तिथेही आडवे येतातच.

आणि एक नाव मुलाला मुद्दाम शोधायला सांगा, हाइनरिक ब्रुसो, आफ्रिकेचाच फ्लँकर. उंची सहा फुटाच्या आतली, पण बॉल चोरण्यात अख्ख्या जगात त्याचा दरारा. २००९ला ब्रिटिश लायन्सविरुद्ध (ब्रिटन-आयर्लंडची एकत्र टीम), मग ऑल ब्लॅक्सविरुद्ध, म्हणजे न्यूझीलंडविरुद्ध, काय खेळलाय. २०११च्या वर्ल्डकपला क्वार्टर फायनलमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध जायबंदी होऊन बाहेर गेला, आफ्रिका ११-९ने हरली, आणि तिकडचे लोक अजून म्हणतात तो असता तर. पुढे कोच बदलला, नव्या कोचला आडदांड फॉरवर्ड आवडायचे आणि हा वर्षानुवर्षं टीमबाहेर. एकूण टेस्ट २३. तो कुठे कमी पडला? कुठेच नाही, निवडणाऱ्याची आवड बदलली. उलट क्वाग्गा स्मिथ, तोही बुटकाच (क्वाग्गा म्हणजे नामशेष झालेला एक झेब्रा, काय टोपणनाव आहे बघा), तो सेव्हन्समधून, म्हणजे सात-सात जणांच्या रग्बीतून आला, रिओ ऑलिंपिकचं ब्राँझ घेतलं आणि पुढे दोन वर्ल्डकप टीममध्ये. त्यामुळे तुम्ही लिहिलंय ना "आमच्याकडे उंची नाही", ते आत्ता धरून बसू नका, पंधराव्या वर्षी कुणाची काय वाढ व्हायची ते ठरलेलं नसतं. पण उंची वाढली नाही म्हणून पावडरी सुरू झाल्या तर ते मात्र बघा. क्रेव्हन वीकमध्ये शाळकरी पोरं स्टेरॉइडच्या टेस्टमध्ये सापडल्याच्या केसेस एकदा नाही, बऱ्याचदा झाल्यात. जिममधल्या दादाने दिलेला डबा घरात आला की आधी लेबल वाचा, मग शाळेच्या डॉक्टरला दाखवा.

फ्रँस्वा पिनारचं उदाहरण बाबांसाठी. १९९५चा वर्ल्डकप जिंकलेला कॅप्टन, एलिस पार्कवर, म्हणजे तुमच्याच गावात. तो २९ टेस्ट खेळला, सगळ्या कॅप्टन म्हणून, आणि वर्ल्डकपच्या पुढच्याच वर्षी टीममधून काढला, तेव्हा वयही २९च. एवढ्या मोठ्या माणसाला. पण त्याच्याकडे लॉची डिग्री होती, डोकं होतं, इंग्लंडला सॅरासन्सकडे गेला, खेळला, कोच झाला. डिग्रीने त्याला वर्ल्डकप दिला नाही हे खरं, पण तिशीच्या आत दार बंद झालं तेव्हा तो रिकाम्या हाताने उभा नव्हता.

तर मॅथ्स. प्युअर मॅथ्स सोडू देऊ नका, यावर मी अजिबात मऊ होणार नाही. मॅथ्स लिटरसी वाईट विषय नाही, पगार, कर्ज, बजेट, नकाशे, रोजच्या कामाचं गणित आहे ते, पण ते घेतलं की इंजिनिअरिंग गेलं, बऱ्याच ठिकाणी फिजिओथेरपी गेली, आणि उद्या बाबांची बदली होऊन तुम्ही पुण्याला परत आलात तर इकडे ॲडमिशनला डोकं फोडावं लागेल. वरून खाली येता येतं, मॅथ्सवरून लिटरसीवर ग्रेड इलेव्हनलाही जाता येईल झेपलंच नाही तर, उलटं चढणं जवळपास अशक्य. फिजिकल सायन्सही ठेवा म्हणतो मी, बाकीचे विषय त्याच्या आवडीचे घेऊ दे, लाइफ सायन्सेस (म्हणजे बायोलॉजी) घेतलं तर सोन्याहून पिवळं, खेळात शरीराशी संबंधित जेवढी कामं आहेत त्यांना उपयोगी पडतं. वेळेचं म्हणाल तर मॅथ्सची ट्यूशन मॅचच्या आदल्या दिवशी ठेवू नका, रविवारी ठेवा, निम्मी भांडणं तिथेच मिटतील.

आणि बाबांना सांगा, रग्बी बंद केली तर मार्क वाढतील हा भ्रम आहे. पंधरा वर्षांच्या पोराचं आवडतं काढून घेतलं की तो तो वेळ इंटिग्रेशनला देत नाही, मोबाइलला देतो. मी वीस वर्षं हेच बघतोय. ग्रेड इलेव्हनच्या शेवटी परत बसा तिघं, तोवर तो फर्स्ट टीमपर्यंत पोहोचलाय का, प्रांताच्या ट्रायलला बोलावलं का, हे दिसेलच. तेव्हाचा निर्णय आत्ता कशाला घेताय.

तुम्ही शेवटी विचारलंय की भारतीय पासपोर्ट आहे तर तो आफ्रिकेकडून खेळू तरी शकेल का. वर्ल्ड रग्बीच्या नियमात पासपोर्ट हा मुद्दाच नाही, जन्म, आईवडील किंवा आजीआजोबा त्या देशातले हवेत, नाहीतर तो सलग पाच वर्षं तिथल्याच रग्बी संघटनेकडे खेळाडू म्हणून नोंदलेला हवा. तुम्हाला तिथे आठ वर्षं झाली, पण मोजायची ती त्याची नोंदणी झाल्यापासूनची, ती कधी झाली ते कोचना विचारा. आणि भारतात आलात तर इकडेही अगदीच शुकशुकाट नाही, बॉम्बे जिमखान्यावर रग्बी पिढ्यानपिढ्या चालू आहे, २०२५ला मुंबईत सेव्हन्सची फ्रँचायझी लीगही सुरू झाली. अर्थात पंधरा जणांच्या खेळाचा फेचर सेव्हन्समध्ये तसाच्या तसा चालत नाही, तिथे पळणं जास्त, पण क्वाग्गा त्याच रस्त्याने उलटा आला होता.

फॉर्मची तारीख जवळ आली असेल. त्याआधी बाबांना शनिवारी एकदा मॅचला घेऊन जा, बाउंडरीजवळ उभं करा आणि फक्त सहा नंबरकडे बघायला सांगा, बॉलकडे नाही. आणि कोचनी त्या दुसऱ्या प्रश्नाला काय उत्तर दिलं ते मला नक्की कळवा.