प्रायोगिक चित्रपट सामूहिक स्मृतीचा शोध घेतात म्हणजे काय? जुनं फुटेज हळू करून दाखवण्यात एवढं काय आहे?

‘एवढं काय आहे?’ हाच प्रश्न माझ्या पदविकेच्या चित्रपटाला एका परीक्षकांनी विचारला होता, म्हणून लिहितेय.

मला एका जुन्या वृत्तपटाची न वापरलेली रिळं मिळाली होती. पुरानंतरचं मदतवाटप. साहेब एका बाईला ब्लँकेट देतात, हसतात. वृत्तपटात शॉट तिथेच तोडलाय. रिळात तो पुढे चालू राहतो. साहेब वळतात, आणि मागचा माणूस बाईच्या हातातलं ब्लँकेट काढून परत गठ्ठ्यावर ठेवतो. बाई त्याच्याकडे बघतच नाही, सरळ कॅमेऱ्यात बघते. मी तेवढाच तुकडा एकेक फ्रेम धरून लांबवला. आवाज ठेवला नाही. परीक्षक म्हणाले, निवेदन टाक, नाहीतर लोकांना कळणार काय? मी नाही टाकलं. मार्क कापले गेले.

अहो, मूळ वृत्तपटातल्या निवेदनानेच तर त्या बाईला गायब केलं होतं! थिएटरात ज्यांनी वृत्तपट पाहिला, त्यांच्या लक्षात ‘सर्वांना मदत पोचली’ एवढंच राहिलं असणार. चित्र आणि त्यावर चढवलेलं सांगणं एकत्र शिवलं जातं आणि तीच सगळ्यांची आठवण होऊन बसते. चांगला प्रायोगिक चित्रपट ही शिवण उसवतो.

जर्मन चित्रपटकार हारून फारोकींचा १९८८ चा ‘इमेजेस ऑफ द वर्ल्ड अँड द इन्स्क्रिप्शन ऑफ वॉर’ बघा. त्यात हीच गोष्ट आहे: ४ एप्रिल १९४४ ला दोस्त राष्ट्रांच्या विमानाने आउशवित्झजवळच्या कारखान्याचे फोटो घेतले. छळछावणीही त्यांत आली होती. पण तपासणाऱ्यांना कारखाने शोधायला सांगितलं होतं, त्यांना कारखानेच दिसले. छावणी त्या फोटोंत ओळखली गेली ती १९७० च्या दशकात. तोवर पुरावा फाइलीत पडून होता.

आता हेही खरं की प्रत्येक संथ चित्रपटात असं काही असतंच असं नाही. जुन्या काळची नायट्रेट फिल्म सडली की पडद्यावर फार देखणे डाग उमटतात, आणि नुसत्या त्या डागांवर भाळलेलं कामही मी पुष्कळ पाहिलंय. ते सोडून द्या.

तुम्ही स्वतः करणार असाल तर शॉट जिथे तोडलाय त्याच्या पुढचं रीळ आधी मागा. आणि कोणी कितीही मोठा माणूस निवेदन टाक म्हणाला, तरी टाकू नका.