'लायिन आइज'ला मराठीत काय म्हणावं?

प्रश्न असा आला आहे : ईगल्स या अमेरिकन बँडच्या 'लायिन आइज' या गाण्याबद्दल मराठीत लिहायचं आहे. शीर्षकाचा अर्थ 'खोटे डोळे' असा द्यावा का? आणि या गाण्याला 'विरहगीत' म्हटलं तर चालेल का?

माझ्या मते दोन्ही चालणार नाहीत. आधी 'खोटे डोळे' बघू.

मराठीत 'खोटा' हे विशेषण शरीराच्या एखाद्या भागाला जोडलं की त्याचा अर्थ 'बनावट' असा होतो. खोटे दात म्हणजे कवळी, खोटे केस म्हणजे टोप. त्याच चालीवर 'खोटे डोळे' म्हटलं की वाचणाऱ्याला काचेचे डोळे आठवणार. इंग्रजीत ही अडचण येत नाही, कारण तिथे बनावट दातांना 'फॉल्स' म्हणतात आणि खोटं बोलणाऱ्याला 'लायिंग'. आपण दोन्हींसाठी एकच शब्द वापरतो आणि मग असं अडकतो. 'खोटारडे' म्हटलं तर आई पोराला रागावते आहे असं वाटतं. 'लबाड डोळे' हा शब्द मला फार आवडतो, पण मराठीत लबाडीला एक लाडिक छटा आहे. लबाड डोळ्यांच्या मुलीवर आपण रागावत नाही, उलट तिच्या प्रेमात पडतो. 'फसवे डोळे' बऱ्यापैकी जवळ जातं, तरी पूर्ण नाही. ते का, हे कळायला गाणं कुठून आलं ते सांगावं लागेल.

ईगल्स १९७१ साली लॉस एंजेलिसमध्ये एकत्र आले. हे गाणं लिहिलं त्यातल्या ग्लेन फ्राय आणि डॉन हेन्ली या दोघांनी. फ्राय डेट्रॉइटचा, हेन्ली टेक्सासचा. स्वतःचा बँड काढण्याआधी दोघं गायिका लिंडा रॉनस्टॅट हिच्या मागे वाजवत होते. वेस्ट हॉलिवूडमध्ये सँटा मोनिका बुलेव्हार्डवर डॅन टानाज नावाचं इटालियन रेस्टॉरंट आहे, तिथे त्यांचं नेहमीचं बसणं असायचं. तिथे येणाऱ्या देखण्या तरुण मुलींबरोबर बऱ्याचदा त्यांच्याहून वयाने खूप मोठे, पैसेवाले पुरुष दिसायचे. फ्रायने सांगितलेली हकीकत अशी की, अशाच एका मुलीकडे बघून त्याच्या तोंडून निघून गेलं, 'तिला ते लायिन आइज लपवतासुद्धा येत नाहीयेत.' मग दोघं लिहायला कागद शोधू लागले, आणि समोरचे कागदी रुमालच कामी आले.

आता त्या वाक्याकडे नीट बघा. डोळे खोटं बोलत आहेत, आणि ते खोटं लपत नाहीये. म्हणजे फसवण्यात हे डोळे कच्चेच आहेत. 'फसवे' कमी पडतं ते इथे, कारण जे खरोखर फसवतं त्यालाच आपण फसवं म्हणतो, उदाहरणार्थ फसवी शांतता. गाण्यातली बाई नवऱ्याला सांगते की एक जुनी मैत्रीण खचली आहे, तिला धीर द्यायला जाते. निघते मात्र दुसऱ्याच कुणाकडे. ओठांवर हसू असतं, पण ते फार पातळ आहे, डोळे त्याच्या आडून दिसतात. अशा डोळ्यांसाठी मराठीत तयार शब्द आहे : चोरटे. आपण नजर चोरतो, नजर चुकवतो, चोरट्या पावलांनी येतो. चोरटेपणात लपवण्याची धडपड आहे आणि पकडलं जाण्याची भीतीही आहे. तिच्या हसण्याला मी 'साळसूद' म्हणेन. 'साळसूद'सारखा शब्द इंग्रजीत एका शब्दात मला अजून मिळालेला नाही. तेव्हा हसू साळसूद आणि डोळे चोरटे. डोळ्यांवर असा आरोप ठेवायला मराठीची हरकत नाही, भा. रा. तांब्यांनी तर त्यांना थेट 'जुलमी' म्हटलं आहे.

शीर्षकात आणखी एक बारकावा आहे. शब्द 'लायिंग' असा न लिहिता 'लायिन' असा लिहिला आहे, शेवटचं अक्षर गाळून त्या जागी वर एक स्वल्पविरामासारखी खूण दिली आहे. ही बोलीची खूण, आणि कंट्री संगीतात, म्हणजे अमेरिकेच्या गावाकडच्या गाण्यांत, ती जुनी आहे. कंट्री गायक हँक विल्यम्सचं 'युअर चीटिन हार्ट', म्हणजे 'तुझं विश्वासघातकी हृदय', हे गाणं १९५३ च्या सुरुवातीला, त्याच्या मृत्यूनंतर लगेच बाजारात आलं. त्याचं शीर्षकही असंच बांधलेलं आहे : गाळलेलं अक्षर, विश्वासघात आणि शरीराचा एक अवयव. बावीस वर्षांनी लॉस एंजेलिसच्या रॉक बँडने तोच साचा उचलला आणि हृदयाच्या जागी डोळे ठेवले. मला वाटतं, 'कंट्री रॉक' म्हणजे काय हे या दोन शब्दांत मावतं. गोष्ट शहरातली, उच्चार गावाकडचा.

गाण्याचं यशही असंच दोन्हीकडचं आहे. जून १९७५ मध्ये आलेल्या 'वन ऑफ दीज नाइट्स' या अल्बममध्ये ते होतं. लांबी सहा मिनिटांच्या वर, म्हणून रेडिओसाठी ते कापून लहान केलं. बिलबोर्ड या अमेरिकन नियतकालिकाच्या लोकप्रिय गाण्यांच्या मुख्य यादीत ते दुसऱ्या क्रमांकापर्यंत चढलं आणि कंट्रीच्या यादीत आठव्या. १९७६ साली त्याला ग्रॅमी मिळालं, पॉप गायनातल्या समूहांसाठीचं. त्याच वर्षी निघालेल्या त्यांच्या निवडक गाण्यांच्या संग्रहातही ते आहे. त्या संग्रहाला २०१८ साली अमेरिकेत ३८ वेळा प्लॅटिनम मोजलं गेलं, आणि तिथे एक प्लॅटिनम म्हणजे दहा लाख प्रतींइतकी विक्री. माझ्या मामाकडे त्याची कॅसेट होती. फ्रायचा तो न रागावता, जवळ बसून समजावणारा आवाज मी पहिल्यांदा तिथेच ऐकला. इंग्रजी धड कळत नव्हतं, पण हा माणूस कुणालाच दोष देत नाहीये एवढं कळलं होतं.

आता 'विरहगीत'. विरहात दोन माणसं एकमेकांची असतात आणि मध्ये अंतर पडलेलं असतं. इथे नवराबायको एका छताखाली आहेत. 'प्रेमभंग' म्हणावं तर कुणी कुणाला सोडलेलंही नाही. 'हार्टब्रेक'साठी वर्तमानपत्रं 'हृदयभंग' लिहितात, पण तो बोलताना कुणाच्या तोंडात येत नाही. 'जीव तुटणं' वापरायचा मोह होईल, तोही टाळा. आपला जीव तुटतो तो दुसऱ्यासाठी. परगावी असलेल्या लेकरासाठी आईचा जीव तुटतो, त्यात माया आहे, फसगत नाही. गाण्याच्या शेवटाकडे ही बाई पेला भरून घेते, चांदण्यांकडे बघते आणि शाळेतला एक मुलगा तिला आठवतो. नवं आयुष्य मांडायला निघालेली ती पुन्हा त्याच जागी येऊन उभी राहिली आहे. याला 'मनोभंग' म्हणतात. शब्द जुना असला तरी इथे चपखल बसतो, कारण तिने स्वतःच्या आयुष्याकडून जे मागितलं होतं तेच मोडलं आहे.

ती ज्या भागात जाते त्याला गाण्यात शहराची 'चीटिन' बाजू म्हटलं आहे. त्यासाठी 'बाहेरख्याली' वापरा. 'व्यभिचारी' हा कोर्टाचा शब्द झाला. 'बाहेरख्याली'त ख्याल, म्हणजे मन, घराबाहेर आहे एवढंच म्हटलेलं आहे, आणि या बाईचं तेच झालं आहे. हा शब्द आपण सहसा पुरुषांसाठी ठेवतो, पण व्याकरण तसं काही बजावत नाही.

लेखाच्या शीर्षकाला 'चोरटे डोळे' पुरेसं आहे. कुणी हे गाणं मराठीत बसवून गाणार असेल, तर मात्र ते गाळलेलं अक्षरही आणता येईल. प्रमाण मराठीत 'डोळे' लिहितानाही 'डोळे' आणि बोलतानाही 'डोळे'. साताऱ्या-कोल्हापूरकडच्या खेड्यांत मात्र पैशांचं 'पैसं' होतं तसं डोळ्यांचं 'डोळं' होतं. 'तुझं चोरटं डोळं' असं एकदा मोठ्याने म्हणून बघा.