आवृत्ती कोणती?

प्रिय मुली,
सप्रेम सलाम.

पेंटेकॉस्टल, म्हणजे पवित्र आत्म्याच्या अनुभवावर भर देणाऱ्या ख्रिस्ती चळवळीची सुरुवात अमेरिकेत टोपेकाला १९०१ मध्ये, लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटवर १९०६ मध्ये, की आपल्या केडगावात पंडिता रमाबाईंच्या मुक्ती मिशनमध्ये १९०५ मध्ये, याची तीन ठिकाणी तीन उत्तरं मिळाली आणि तुझा प्रबंध अडला. पण टिपणांत तू नुसतं ‘बर्जेसचा कोश’ लिहिलंयस. कोणता? स्टॅनली बर्जेस यांच्या संपादनाखाली या चळवळीवरचा १९८८ चा कोश आहे, २००२ चा आहे, आणि २००६ चा ज्ञानकोशही आहे. साल नसलेली टीप मी टीप मानत नाही.

१९८८ चा कोश मुख्यतः उत्तर अमेरिका आणि युरोपापुरता होता. त्यात भारत कमी दिसतो, म्हणून भारतात काही घडलंच नाही असं होत नाही. २००२ मध्ये तोच वाढवला: आधी देशवार आढावा, मग आकडेवारी, मग अकारविल्हे नोंदी. तू थेट तिसऱ्या भागात ‘केडगाव’ शोधत बसलीस. आधी भारतावरचा लेख वाच, मग रमाबाई, त्यांच्या सहकारी मिशनरी मिनी अब्राम्स आणि चिलीतले मिशनरी विलिस हूवर यांच्या नोंदी. नोंदीखालचं लेखकाचं नाव आणि ग्रंथसूची आधी, मजकूर नंतर. दोन नोंदी एकाच जुन्या लेखावर उभ्या असतील, तर साक्षीदार एकच. मग ब्रिल प्रकाशनाचा २०२१ चा ज्ञानकोश शेजारी ठेव आणि वीस वर्षांत सूचीत काय नवं आलं ते पाहा.

आकड्यांचं तर विचारूच नकोस. २००२ च्या कोशात बॅरेट आणि जॉन्सन यांनी २००० सालासाठी चळवळीचे जगभरचे अनुयायी सुमारे ५२ कोटी ३० लाख मांडले. त्यात जुन्या अर्थाचे पेंटेकॉस्टल होते जेमतेम साडेसहा कोटी. साडेसतरा कोटी करिश्मॅटिक, म्हणजे कॅथलिक, अँग्लिकन वगैरे आपापल्या मंडळ्यांतच राहिलेले. आणि साडेएकोणतीस कोटी ‘नवकरिश्मॅटिक’, ज्यांत स्वतंत्र मंडळ्यांची भली मोठी मोट बांधलेली. तिन्हींची बेरीज ५२ कोटींच्या वर जाते, कारण दोनदा मोजलेले मागाहून वजा केले आहेत. २०२० साठीचा आकडा ६४ कोटी ४० लाख. त्यातून ५२ वजा करून ‘वाढ’ लिहिलीस, ती आजच खोड. व्याख्या आणि मोजणी सुधारली की मागच्या वर्षांचे आकडेही बदलतात. वाढ काढायची तर दोन्ही वर्षं एकाच आवृत्तीतून घे. आमच्या पिढीनं हे आकडे भाषणांतून साल न सांगता फेकले. त्याची मला खंत आहे, आणि ते निस्तरणं तुमच्या वाट्याला आलंय.

मी हट्टी आहे म्हणतेस. असेन. पण तुझ्याच विषयात पाहा. अब्राम्सबाईंची पवित्र आत्म्याच्या बाप्तिस्म्यावरची पुस्तिका १९०६ ची. तिच्या पहिल्या आवृत्तीत अन्य भाषांचा, म्हणजे आत्म्याच्या प्रेरणेनं न शिकलेल्या भाषांत बोलण्याचा, विषय नाही. त्याच वर्षाच्या दुसऱ्या आवृत्तीत तो येतो. ही पुस्तिका चिलीत वालपारायसोला हूवर दांपत्याच्या हाती पोचली आणि १९०९ च्या तिथल्या संजीवनाशी, म्हणजे धर्मजागृतीशी, तिचं नातं जोडलं जातं. ‘पुस्तिका, १९०६’ एवढंच लिहून तू यातलं काय सिद्ध करणार? केडगावचं संजीवन जून १९०५ चं. अन्य भाषांच्या नोंदी १९०६ च्या. या दोन तारखा एकाच वाक्यात कोंबल्या की ‘केडगाव आधी की अझुसा’ हा वाद फुकट पेटतो. चळवळीची सुरुवात तू कशाला म्हणतेस ते आधी ठरव. कोश ते तुझ्यासाठी ठरवणार नाहीत.

प्रत्येक नोंदीला एक कार्ड कर. वर आवृत्ती आणि साल, खाली पान, लेखक, त्यानं वापरलेली साधनं, आणि शेवटच्या ओळीत ती साधनं तू स्वतः पाहिलीस की नाही ते. नसशील तर ‘नाही’ लिही, लाजू नकोस. ‘मुक्ती प्रेअर बेल’चे अंक आणि अझुसाचं वृत्तपत्र ‘अपॉस्टोलिक फेथ’ ही त्या काळचीच कागदपत्रं आहेत. कोशातून निघून तिथवर जायचंच आहे.

पुढच्या पत्रासोबत रमाबाई, अब्राम्स आणि हूवर यांची कार्डं पाठव. प्रबंधाचं प्रकरण नंतर वाचेन.